खालचा आवाज

तळ्याकाठच्या पोर्सिया गावात मारोलोपला गाताना ऐकलं नाही असा माणूस सापडणार नाही, आणि तो एकटा गायला तर गाणं ओळखेल असाही नाही. हसू नका. तिघांचं गाणं असतं ते. चाल धरणारा वरचा आवाज बिन्सारचा, मधला साउतचा, खालचा मारोलोपचा. चाळीस वर्षं ताडीच्या गुत्त्यात, लग्नात, मयतीत हे तिघे गिटार घेऊन बसले. दुसऱ्याच्या आवाजात पाय घालायचा नाही, हा त्यांचा नियम.

दोन वर्षांपूर्वी साउत गेला. यंदा बिन्सारची छाती कफानं भरली, त्यानं अंथरूण धरलं. त्यानं आपल्या आईवर एक गाणं रचलं होतं. कॅसेटवाल्यानं "फार रडकं" म्हणून परत केलेलं. ते या तिघांनाच यायचं.

बुधवारी बिन्सार म्हणाला, "मेव्हण्या, बस. माझी चाल शिकवतो. नाहीतर आईचं गाणं माझ्याबरोबर मातीत जाईल."

"तुझा आवाज घ्यायला तू मेलास की काय? गप पड!" मारोलोप खेकसला. भीतीच वाटली त्याला, दुसरं काय!

शनिवारी बिन्सार गेला.

सोमवारी भर दुपारी अंगणात सगळं गोत जमलं. रिवाजाप्रमाणे चुलीवर डुकराचं मटण रटरटत होतं. शवपेटीत निजवलेल्या बिन्सारच्या खांद्यावर विणलेली शाल घातली होती. त्याची बायको रुमोंदांग पुढे आली.

"भावोजी, सासूबाईंचं गाणं म्हणा. ते झाल्याशिवाय पेटी झाकायची नाही, असं सांगून गेलेत हे."

मारोलोप उभा राहिला. चाल डोक्यात लख्ख होती. तोंड उघडलं आणि आवाज मुकाट खाली गेला, आपल्या नेहमीच्या जागी. पुन्हा वर चढवू पाहिला, पुन्हा तेच. मेल्या गळ्याला चाळीस वर्षांत दुसरी वाट दाखवलीच कुणी होती! वाजंत्री एकमेकांकडे बघायला लागले.

"हे नव्हे ते गाणं, भावोजी," रुमोंदांग हळूच म्हणाली.

"हेच आहे गं. माझ्याकडे एवढंच आहे."

मग तो शेवटपर्यंत गायला. बिन्सार एकटा गायचा त्या ओळींना तो गप्प उभा राहिला, बोटांवर ठेका मोजत, आणि आपली जागा आली की पुन्हा खालून सुरू झाला. मागच्या बायका आपसात बोलायला लागल्या. गाणं संपलं हेही कुणाला कळलं नाही. त्यानंच हातानं खूण केली, तेव्हा पेटी झाकली.