खमीरवाली आत्या

आत्या कोणाच्याही घरी गेली, की बसायच्या आधी भांड्यांची झाकणं उचलून वास घ्यायची. ताक, आंबील, लोणच्याची बरणी, जे समोर असेल त्यात नाक. आई शरमेनं अर्धी व्हायची. आत्या मात्र झाकण परत ठेवून मान हलवायची, "नाई. हा बी नाई." अमरावतीतल्या आमच्या गल्लीत तिला सगळे खमीरवाली म्हणत, आणि ते काही कौतुकानं म्हणत नसत.

ती बाबांची मोठी बहीण. तरुणपणीच नवरा गेला आणि ती चिखलदऱ्याला एका साहेबाच्या बंगल्यावर स्वयंपाकघरात कामाला लागली. तिथला खानसामा साहेबासाठी रोज रोल भाजायचा. रोल म्हणजे मुठीएवढे, लोण्यानं माखलेले पाव. बोटानं दाबले की पुन्हा वर येणारे. मैदा चाळणं, मळणं, गोळे वळणं, भट्टी तापवणं, सगळं आत्या करायची. फक्त पीठ फुगवणारं खमीर कालवायची वेळ आली, की खानसामा म्हणायचा, "जा, लकडी ले आ." ती लाकडं घेऊन येईपर्यंत पातेल्यावर फडकं पडलेलं असायचं. दहा वर्षं ती अशी लाकडं आणत राहिली. मग देश स्वतंत्र झाला, साहेब गेला, बंगल्याला कुलूप लागलं. आणि रोलमधलं सगळं काही शिकून, ती एक गोष्ट सोडून, आत्या आमच्याकडे राहायला आली.

तिच्या हातचं पीठ साहेब खात होता. आमच्या गल्लीच्या टोकाला असलेल्या विहिरीवर मात्र तिला कोणी घागर बुडवू देत नसे. म्हणूनच, असं मला आता वाटतं, ते रोल तिला सोडवत नव्हते.

तेव्हा मात्र मला नुसता वैताग यायचा. दर रविवारी घासलेटच्या कापलेल्या डब्याची भट्टी मांडली जायची, झाकणावर निखारे, खाली निखारे. मळायला मी. मनगटं दुखून यायची, आणि आत्या शेजारी बसून म्हणायची, "आपली कानाची पाळी दाबून पाय. तशी नरम झाली काय? नाई ना? मंग काहून थांबली?" एवढं करून डब्यातून निघायचं काय, तर कधी दगड, कधी चिकट गोळा. मैदा मिळायची मारामार. त्यात आम्हा भावंडांच्या पुऱ्या झाल्या असत्या. एकदा तिला बरं वाटावं म्हणून मी म्हटलं, "आत्या, आज छान झालेत."

"खा मुकाट्यानं," ती म्हणाली. "पन चांगलं म्हनू नको. ढेकूळ आहे ते."

खमिरासाठी तिनं काय काय सडवलं! बटाट्याचं पाणी, दही, शिळी भाकर, मनुका. "मले वास ठाव आहे," ती सांगायची. "आंबट, पन ताकावानी नाई. पिकल्या केळाच्या जवळचा." एका मे महिन्यात मनुकांच्या पाण्याची बाटली फडताळात फुटली आणि बाबांनी कचेरीतून आणलेल्या कागदांवर सगळं सांडलं. बाबा कधी ओरडत नसत. त्या दिवशी ओरडले, "अक्का, बस कर आता! त्या साहेबाचं खाणं आपल्याले काय करायचं आहे?"

"साहेबाचं नाई ते," आत्या म्हणाली. "माह्यं आहे."

धम्मदीक्षेच्या साली आमच्या घरातलं पुष्कळ काही बदललं. देव्हारा गेला, नवस गेले, उपासतापास गेले. घासलेटचा डबा गेला नाही.

पुढे मी अकोल्याला शाळेत शिक्षिका झाले. तिथं माझ्यासोबत नलिनीबाई नावाच्या मुंबईच्या बाई होत्या. त्यांना एकदा आत्याची सगळी हकिगत सांगितली. त्या सहज म्हणाल्या, "अहो, खमीर म्हणजे यीस्ट! डब्यात तयार मिळतं. माझ्या भावाला आणायला सांगते." सहज! माझं अख्खं बालपण ज्या खमिरापायी पिठात मळलं गेलं, ते एका डब्यात मिळत होतं. भाऊ यायला दोन महिने लागले. दिवाळीच्या सुट्टीत तो डबा घेऊन मी अमरावतीला गेले.

आत्याला समोर बसवलं. कोमट पाण्यात साखर विरघळवली, वर डब्यातले चमचाभर दाणे टाकले. दहा मिनिटांत वाटी फेसानं भरली. आत्यानं वाकून वास घेतला आणि डोळे मिटले.

"हाच," ती म्हणाली.

मला वाटलं, आता ती हसेल, मला जवळ घेईल. ती वाटीकडेच बघत राहिली.

"एवढंच? पानी, साखर अन् हे दाने?"

"हो आत्या."

"एवढ्यासाठी मले दहा वर्सं लाकडं आनायले धाडलं त्यानं?"

ती उठली, हात धुतले आणि मागच्या अंगणात जाऊन बसली. पीठ मीच मळलं, मीच भाजलं. पहिल्यांदाच आमच्या घरात रोल फुगले. लोणी लावलं तर ते आत मुरत गेलं. बाबांनी चार खाल्ले. आत्यानं एक घेतला आणि उभ्याउभ्या संपवला.

दोन दिवसांनी पहाटे उठून तिनं स्वतः बारा रोल केले. धाकट्या भावानं हात पुढे केला तर त्याला चापट बसली. "हे त्या खानसाम्यासाठी आहेत. त्याच्या तोंडावर नेऊन मारतो." रोल फडक्यात बांधले, यीस्टचा डबा पिशवीत टाकला आणि चिखलदऱ्याच्या मोटारीत बसून ती निघून गेली. परतली ती दुसऱ्या दिवशी संध्याकाळी, रिकाम्या हातांनी.

"भेटला?" बाबांनी विचारलं.

"मेला. सात वर्सं झाली." तिनं भिंतीला पाठ टेकली. "भांडायले गेली होती मी. आता कोनासंग भांडू?"

आईनं तिला पाणी दिलं. ते पिऊन ती म्हणाली, "त्याची म्हातारी आहे. एकटीच रायते. तिनं एक रोल खाल्ला अन् रडाले लागली. मले म्हने, खमीर कसं केलं व बाई? तिलेबी सांगतलं नव्हतं त्यानं. कोनी शिकलं तर आपली नौकरी जाईन, असं भेव वाटे म्हने त्याले. तिलेबी लाकडं आनायलेच धाडे."

"मग?"

"मंग काय? दाखवलं करून. डबा तिच्याजवळच ठेवून आली."

"अख्खा डबा?" मी जवळजवळ किंचाळले. "आत्या, तो मिळवायला मला दोन महिने लागले!"

"मंग दुसरा बलाव," ती म्हणाली आणि पाय पसरून तिथंच आडवी झाली.

नलिनीबाईंचा भाऊ पुन्हा आला तो पुढच्या पावसाळ्यात. त्याआधीच, उन्हाळ्यात, दोन दिवसांच्या तापानं आत्या गेली होती. नवा डबा मी फोडला, रोल केले, बरे झाले. अजूनही करते. घरातले चांगले म्हणतात आणि मी गप्प बसते. आत्याच्या हातचे जमलेले रोल बाराच, आणि ते सगळेच्या सगळे ती चिखलदऱ्याला घेऊन गेली. आम्हा घरच्यांच्या वाट्याला त्यातला एकही आला नाही.