खुर्च्या गोल मांडणाऱ्या बाई

शिक्षक घडवणाऱ्या त्या कॉलेजात बाईंचा तास कुठे चाललाय हे विचारावं लागत नसे. खुर्च्या ओढल्याचा खरखराट झाला की समजावं, बाई आल्या. शिक्षण आणि सामाजिक न्याय हा त्यांचा विषय. पुढचे बाक आणि मागचे बाक इथूनच उच्चनीच सुरू होते, असं त्यांचं ठाम मत, म्हणून खुर्च्या गोल. गोलात प्रत्येकाने आपल्यावर झालेला अन्याय सांगायचा, आणि त्या बोलण्याला गुण. गुणही सगळ्यांसमोर ठरायचे, कारण लपवाछपवी आली की मनमानी आलीच. बाई मनाच्या निर्मळ, पण एकदा डोक्यात घेतलं की ब्रह्मदेव आला तरी ऐकायच्या नाहीत.

त्या वर्षी वर्गात एक पाळणाघरवाली होती. दिवसभर पाळणाघरातल्या नोकरीत लोकांची मुलं सांभाळून संध्याकाळच्या तासाला यायची. या कोर्सचं प्रमाणपत्र मिळालं नाही तर पाळणाघर तिला ठेवणार नव्हतं. लेखी परीक्षेत ती चांगली होती, पण गोलात तिची पाळी आली की तोंडाला कुलूप.

"अगं, बोल ना. इथे सगळे आपलेच आहेत," बाई म्हणायच्या. ती खाली मान घालून बसायची.

शेवटी बाईंनी वर्गाला विचारलं, "जी बोलतच नाही तिला किती द्यायचे?" सगळे सामाजिक न्याय शिकणारे, पण कोणी हूं की चूं केलं नाही. बाईंनी शून्य दिलं आणि ती नापास झाली. बाईंना वाईट वाटलं. पण नियम सगळ्यांना सारखा, अशी त्यांनी स्वतःची समजूत घातली.

पुढच्याच आठवड्यात प्राध्यापकांसाठी प्रशिक्षण निघालं. शिकवायला एक उत्साही तरुण, बाईंच्या लेकाच्या वयाचा. त्याने आल्या आल्या खुर्च्या गोल केल्या. बाई खूश.

"मॅडम, तुमच्यापासून सुरू करू," तो म्हणाला. "आयुष्यातला सगळ्यात मोठा अपमान सांगा. अगदी मोकळेपणाने हं!"

बाईंना तो अपमान लख्ख आठवत होता. त्यांची आई ज्या घरी धुणीभांडी करायची, त्या घरची मुलगी त्यांच्याच वर्गात होती. 'हिच्या अंगातला फ्रॉक माझा जुना आहे,' असं तिने भर वर्गात सांगितलं होतं. बाईंनी ते आजवर नवऱ्यालाही सांगितलं नव्हतं. आणि इथे चहाचे कप हातात धरून सगळे सहकारी वाट बघत होते. बाईंनी एका उद्धट कंडक्टरची गोष्ट जागच्या जागी रचून ठोकून दिली. टाळ्या पडल्या.

"कसं झालं?" घरी नवऱ्याने विचारलं.

"खोटं बोलून पहिली आले," बाई म्हणाल्या, आणि त्यांना रडूच फुटलं.

दुसऱ्या दिवशी पाळणाघरवाली कॉलेजातून नाव काढायला आली होती. बाईंनी तिला जिन्याखाली गाठलं.

"चुकलं गं माझं. प्राचार्यांशी बोलून आलेय. लेखीवर तू पास आहेस."

तिने पहिल्यांदाच बाईंच्या डोळ्याला डोळा भिडवला. "बाई, नापास केलंत ते सगळ्यांसमोर. आणि पास मात्र इथे जिन्याखाली करताय."

तिचं बरोबर होतं.

त्या संध्याकाळी खुर्च्या गोलच होत्या. तीही येऊन बसली. बाई उभ्या राहिल्या.

"मी एका विद्यार्थिनीला बोलत नाही म्हणून नापास केलं. तो अन्याय होता आणि तो मी केला. ती पास आहे. बोलण्याचे गुण आजपासून बंद."

सगळ्यांच्या माना पाळणाघरवालीकडे वळल्या. आता ती काहीतरी म्हणेल, माफ करेल, निदान हसेल तरी. ती गप्पच बसली. 'तुला काय वाटतं गं?' हे शब्द बाईंच्या अगदी ओठांवर आले होते. ते त्यांनी गिळले आणि पुस्तक उघडलं.