इटालियन म्हाताऱ्याचे हात

त्या इटालियन म्हाताऱ्याला सगळे मास्टर म्हणायचे. तोंडावर मीही म्हणायचो.

जेद्दात मी आमच्या कफीलच्या, म्हणजे माझा व्हिसा ज्याच्या नावावर त्या अरब मालकाच्या, फर्निचर वर्कशॉपमध्ये सुतार. कफीलचे दहा धंदे, त्यात त्याने बाहुल्यांचा पिक्चर काढायचं मनावर घेतलं आणि इटलीहून हा दिग्दर्शक आणला. गोष्ट सौदीतल्याच कतीफ बंदरातल्या एका मोती काढणाऱ्या पाणबुड्याची. बाहुल्या लाकडाच्या, म्हणून मला त्याच्या हाताखाली दिलं.

अशा पिक्चरमध्ये बाहुली केसभर हलवायची, फोटो काढायचा, पुन्हा केसभर हलवायची. दिवसभर मान मोडून काम केलं की पडद्यावर मिळतात चार-पाच सेकंद. म्हाताऱ्याचा हा जन्माचा धंदा. तरुणपणी त्याने साबणाच्या जाहिरातींत बाहुल्या हलवल्या, मग स्वतःचा पिक्चर केला, तो गाजला, बक्षिसं मिळाली. पुढे कॉम्प्युटर आले, स्टुडिओ बंद पडला आणि वीस वर्षं त्याला कुत्रं विचारत नव्हतं. हे सगळं तो चहा पिताना सांगायचा, आमच्या दोघांच्या मोडक्या इंग्रजीत. मला त्याची कीव यायची. तिथेच माझं चुकलं.

पहिल्याच आठवड्यात कळलं की याचे हात थरथरतात. बाहुलीला बोट लावलं की ती आडवी. त्याने दार लावून घेतलं आणि म्हणाला, "तू हलव, मी सांगतो. कफीलला कळलं तर मला परत पाठवेल." दीड वर्ष त्या बंद दाराआड पाणबुड्याला मी पोहायला लावलं, रडायला लावलं. सुरुवातीला म्हातारा प्रत्येक हालचाल सांगायचा. नंतर नंतर तो खुर्चीत पेंगायचा आणि मी माझ्या मनाने हलवायचो. असं सुख मला रंधा मारताना कधी मिळालं नव्हतं, खोटं कशाला बोलू.

शेवटी नामावलीत माझं नाव टाकायचं म्हणाला. मीच नको म्हटलं. इकाम्यावर, म्हणजे तिथे राहायच्या परवान्यावर, माझा धंदा सुतार. दुसरं काम करताना सापडलो तर दंड, नाहीतर सरळ घरी. तेव्हा त्याने माझा हात हातात धरला. "मग पहिल्या शोला स्टेजवरून सांगेन. पिक्चर पुरा झाल्यावर मला कसली भीती?" म्हटलं, बोललेलं कोण कागदावर लिहून घेतंय. सांगू दे.

बायको आणि मुलगी तेव्हाच व्हिजिट व्हिसावर आल्या होत्या. दोघींना नवे कपडे घेतले. आज मास्टर माझ्याबद्दल काहीतरी सांगणार आहे, एवढंच घरी बोललो.

पिक्चर संपला, लोक उभे राहिले. कफील स्टेजवर गेला आणि त्याने जाहीर केलं, दुसरा पिक्चरही मास्टरच करणार. मग माइक म्हाताऱ्याकडे देऊन तो खाली येऊन बसला. कोणीतरी विचारलं, या वयात इतकं नाजूक काम कसं जमतं? थरथरणारे हात त्याने कोटाच्या खिशात घातले होते. म्हणाला, "सवय आहे. माझे हात सगळं जाणतात."

एवढंच. माझ्याकडे त्याने पाहिलंही नाही. माझ्या डोक्यात सणक गेली. उठून ओरडावं असं वाटलं, पण दोन रांगा पुढे कफील बसला होता.

बाहेर निघताना मात्र म्हातारा आला. मुलीच्या गालाला हात लावून म्हणाला, "तुझा बाबा जेद्दातला एक नंबरचा सुतार आहे." मेल्याला ते बोलताना लाज वाटली नाही. मी हसलो. हसलो, याचाच राग आजही जात नाही.

टॅक्सीत मुलीने विचारलं, "बाबा, तो पाणबुड्या रडतो ना, तेव्हा मला पण रडू आलं. तुम्ही फक्त त्याचं लाकूड कापलंत?"

खरं सांगितलं असतं तर ती दहा जणांना सांगत सुटली असती.

"हो," मी म्हणालो.