चेहरा न दाखवायची फिल्म

सरकारी कचेरीत छत्तीस वर्षं लोकांचे कागद तपासले. संशय घ्यायचाच पगार होता. रिटायर झाल्यावर सवय कुठे जाणार? अंधेरीत रेवती मॅडमच्या डॉक्युमेंटरी युनिटची कागदपत्रं सांभाळू लागलो. तिथे प्रत्येक जण दुसऱ्याकडे तिरक्या नजरेने बघायचा, त्यामुळे किस्से आपोआप साठत गेले.

फिल्म होती देश सोडून पळावं लागलेल्या माणसांवर. मुख्य माणूस अफगाणिस्तानचा, मालाडला शिवणकाम करणारा. बऱ्यापैकी मराठी बोलायचा. त्याला करीम म्हणू; खरं नाव मी बायकोलाही सांगितलेलं नाही. त्याचा भाऊ अजून तिकडेच आहे. फिल्ममध्ये करीमला कुणी ओळखलं, तर त्या भावाचं काही खरं नव्हतं. म्हणून चेहरा दाखवायचा नाही, असं ठरलं.

*

पहिल्याच दिवशी मी संमतीपत्र पुढे केलं. करीमने ते दोनदा वाचून घेतलं.

"ओळख गुप्त ठेवणार म्हणता," तो म्हणाला, "आणि खाली नाव, पत्ता, फोटो मागता?"

मॅडमनी माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, "ते गुप्त फाइलसाठी."

सही त्याने तीन दिवसांनी केली.

*

शूटिंगची परवानगी मागायला त्याच्या सोसायटीच्या सेक्रेटरींकडे गेलो. धाकधूक होती, की हे गृहस्थ आता करीमचे कागद काढायला लावणार. त्यांनी आमचीच आधार कार्डं मागितली आणि कॅमेऱ्याची बॅग उघडायला लावली. मॅडमनी समजावलं, की आम्ही करीमभाईंच्या भल्यासाठीच आलोय.

"तो आठ वर्षं इथे राहतोय," सेक्रेटरी म्हणाले. "तुम्ही कोण?"

*

चेहरा नाही, म्हणून कॅमेरामन सावंतने करीमचे शिवणारे हात टिपले. मॅडम भारावल्या. करीमने फुटेज बघून नकारार्थी मान हलवली. तिकडे त्याच्या गावातल्या निम्म्या लोकांचे कपडे त्यानेच शिवलेले. टाका बघून कुणीही नाव सांगेल, म्हणाला.

मग त्याला मनोरीच्या किनाऱ्यावर पाठमोरा उभा केला. सावंत दिवसभर कुरकुरत होता, "काका, पाठीला काय एक्स्प्रेशन असणार?"

*

पहिला शो अंधेरीतच झाला. हॉल भरलेला. करीम माझ्या शेजारी, शेवटून दुसऱ्या रांगेत. फिल्म संपली आणि मॅडम स्टेजवर गेल्या. माइक हातात आला की त्या गहिवरतात.

"ज्यांची ही गोष्ट आहे, ते आज इथे आपल्यातच बसलेत. पण सुरक्षेसाठी, ते कोण हे मी सांगणार नाही."

सगळा हॉल मागे वळला. चार-पाच मोबाइल वर झाले. करीमने माझं मनगट घट्ट धरलं. एक मोबाइल रांगेरांगेने आमच्याकडे सरकत होता.

तेवढ्यात पुढच्या रांगेतून सावंत उठला. भांडुपचा, मूळ मालवणचा सावंत. शूटिंगभर दाढी वाढवलेला. छातीवर हात ठेवून तो झुकला. सगळे मोबाइल गर्रकन तिकडे. टाळ्या थांबेनात. एक बाई डोळे पुसत त्याच्याजवळ गेल्या आणि त्यांनी हिंदीतून विचारलं, गावची आठवण येते का?

"बहुत," सावंत म्हणाला, आणि त्याच्या डोळ्यांत खरंच पाणी आलं.

करीम माझ्या कानाशी वाकला.

"काका, या माणसाचे कागद नीट बघितलेत ना?"