टाळूची शिट्टी

त्या वर्षी माझ्या मुलीला पहिल्यांदा दिवस गेले होते. पहिलं बाळंतपण माहेरी, हे आमच्याकडे कुणी सांगावं लागत नाही. पण तिचं माहेर म्हणजे आमचं चिपळूणजवळचं घर, आणि त्याला कुलूप होतं. आम्ही दोघं तेव्हा आखातात. मी जाऊन घर उघडलं, चूल पेटवली, तरच तिला माहेर. नाहीतर सासरीच बाळंत होणार. फोनवर ती दर वेळी एकच विचारायची, "आई, सातव्यात येशील ना?" मी म्हणायची, "येते." फोन ठेवला की फोनच्या दुकानातून शेतापर्यंत चालत यायची आणि पाय दुखायचे. तेव्हा सगळंच दुखायचं.

अजमानहून आत, डोंगरांच्या बाजूला ते शेत होतं. मालकाला सगळे अरबाब म्हणत. आमचे हे तिथे खजूर, लसूणघास आणि शेळ्या बघायचे. माझ्याकडे स्वयंपाक आणि धुणं. अरबाब वाईट माणूस नव्हता. आंब्याची पेटी आली की आधी आम्हाला द्यायचा. पण पासपोर्ट त्याच्या कपाटात असायचे. त्याने हाताने काढून दिल्याशिवाय कुणी कुठे जाऊ शकत नसे. मला रजा देतो म्हणाला होता. "इन्शाल्ला," असंही म्हणाला होता, म्हणजे देवाच्या मनात असेल तर.

त्याच सुमाराला त्याचा टर्की पळाला.

टर्की म्हणजे कोंबड्यासारखाच, पण केवढा तरी मोठा. लाल लोंबणारा गळा, शेपूट उघडली की सुपाएवढी. पाहुणे आले की अरबाब आधी त्यांना टर्की दाखवायचा, मग चहा. त्याच्या दोन माद्या होत्या. ईदच्या जेवणाला त्या दोन्ही कापल्या. भातावर मीच शिजवल्या. त्यानंतर नर एकटाच कुंपणाच्या कडेने फिरायचा आणि दिवसभर ओरडायचा. एके सकाळी तो नव्हता. रात्रीच्या वाऱ्याने कुंपणाची जाळी एका जागी आडवी झाली होती.

अरबाब खूप चिडला नाही. चिडला असता तर बरं झालं असतं, चिडलेला माणूस दुसऱ्या दिवशी शांत होतो. तो नुसता म्हणाला, "पहले पंछी लाओ. बाद में इंडिया."

हे रोज दाण्याचा डबा वाजवत रानात जायचे. रान म्हणजे वाळू, दगड आणि शमीसारखी काटेरी झाडं. टर्की लांबून दिसायचा, डबा ऐकून मान वर करायचा आणि उलट्या दिशेने चालू लागायचा. हे घरी येऊन पाण्यात पाय सोडून बसायचे. "त्याला दाणा नको आहे," म्हणायचे. "त्याला बायको पाहिजे."

अरबाबचा मोठा मुलगा अमेरिकेत शिकायला होता. तो सुट्टीवर आला होता. तिकडे लोक जंगलात या पक्ष्याची शिकार करतात, म्हणाला, आणि मादीचा आवाज काढून नराला जवळ बोलावतात. त्यासाठी तोंडात धरायची शिट्टी त्याने आणली होती. घोड्याच्या नालासारखी, पण बोटाच्या दोन पेरांएवढी. मध्ये पातळ रबराचा पडदा. ती टाळूला लावायची, जिभेने दाबायची आणि श्वास सोडायचा. त्याने वाजवून दाखवली तर हुबेहूब मी भातावर शिजवलेल्या त्या माद्या.

त्याने रानात जाऊन वाजवली तेव्हा लांबून नराने उत्तर दिलं, पण जवळ आला नाही. वेळ द्यावा लागतो, मुलगा म्हणाला, रोज पहाटे त्याच जागी बसावं लागतं. आणि त्याचं तर शुक्रवारचं विमान होतं. "कुणीतरी शिका," म्हणाला.

आधी यांनी करून पाहिलं. यांना वरची कवळी होती. शिट्टी कवळीला लागायची आणि घसरायची. एकदा शिट्टी आणि कवळी दोन्ही बाहेर आली. मुलगा हसून हसून खाली बसला. हेही हसले. मग दोघांनी माझ्याकडे पाहिलं.

मी जन्मात कुणाला मोठ्याने हाक मारली नव्हती. यांना जेवायला बोलवायचं तर शेताच्या कडेला जाऊन उभी राहायची, ते बघेपर्यंत. बाहेरच्या माणसासमोर तोंड उघडायचं तर पदर आधी पुढे यायचा. पण ही शिट्टी तोंडाच्या आत राहते, वरून पदर घेतला तर कुणाला काही दिसत नाही, असं मुलगा म्हणाला. मी म्हटलं, बघते.

त्याने स्वतःच्या तोंडातून काढून, नळाखाली धुऊन माझ्या हातावर ठेवली. "लो, खाला." मला तो खाला, म्हणजे मावशी, म्हणायचा.

दुसऱ्याच्या तोंडातलं उष्टं मी आजवर कधी खाल्लं नव्हतं, ते तोंडात कसं घालू? तो समोरून गेल्यावर मी चहाच्या भांड्यात पाणी ठेवलं आणि शिट्टी चांगली उकळली. बाहेर काढली तेव्हा कडेची पट्टी सुटली होती आणि पडदा लोंबत होता.

"खाला, तुमने पकाया?" मुलगा म्हणाला. मग आत जाऊन त्याने दुसरी आणली, पाकीट न फोडलेली. "ये लास्ट है. मसाला मत डालना."

पहिल्या दिवशी नुसती ओकारी आली. दुसऱ्या दिवशी लाळ. तो दारात उभा राहून सांगायचा, गाल फुगवू नको, हवा पोटातून, काचेवर वाफ सोडतात तशी. जीभ हलकी ठेव. तो गेल्यावरही मी स्वयंपाकघरात पंखा लावून, पदर तोंडावर घेऊन करत राहिले. टाळू सोलून निघाली, तिखट सोसेना. भाकऱ्या थापताना, कपडे पिळताना तोंडात तीच. कधी बेडकासारखा आवाज यायचा, कधी काहीच नाही. मला वाटायचं, आपण लेकीसाठी काय काय करतो आहोत आणि तिला हे सांगता तरी येईल का?

एक दिवस आवाज आला. आधी वरचा, मग खाली उतरणारा. क्याव, क्याव, क्याव. हे बाहेर घास कापत होते, ते विळा टाकून आत आले.

"कोण आहे?"

मी शिट्टी काढली. "मीच."

"मला कधी अशी हाक मारली नाहीस," हे म्हणाले.

"तुम्ही न बोलावता येता," मी म्हटलं. किती दिवसांनी हसलो आम्ही.

त्यानंतर रोज पहाटे आम्ही रानात जायचो. धुकं असायचं, वाळू ओली लागायची. मी झाडाच्या बुंध्याशी बसायची, हे जुनी चादर घेऊन मागे. मी वाजवायची आणि थांबायची. लांबून तो गळगळ करायचा. आज लांब, उद्या थोडा जवळ. मग परत येऊन नाश्ता, धुणं, दुपारचं जेवण. दुपारी डोळे आपोआप मिटायचे. फोनवर मुलीने सांगितलं, सातवा लागला. सासूबाई विचारतात, तुझी आई कधी येणार?

तो आला त्या सकाळी धुकं नव्हतं. झाडांमधून चालत आला, पिसं फुलवून, पंख जमिनीला घासत. कुणासाठी एवढा नटून येत होता ते मला माहीत होतं. मला त्याच्याकडे बघवेना. तरी मी वाजवत राहिले. यांनी चादर टाकली.

फाटकाशी अरबाब उभा होता, नमाज पढून आलेला. पक्षी पाहून त्याचा चेहरा लहान मुलासारखा झाला. चादरीतून पक्ष्याची मान बाहेर काढून त्याने ती कुरवाळली. मग माझ्याकडे बघून म्हणाला, "माशाल्ला! तुम बुलाया?"

मी मान डोलावली.

"लेकिन ये फिर भागेगा. तुम इंडिया गया तो कौन बुलाएगा? थोडा रुको. गर्मी आने दो. फिर जाओ. ठीक है?"

शिट्टी माझ्या तोंडात होती. धावत आलो होतो, ती काढायची राहिली होती. काढायची म्हणजे परक्या पुरुषासमोर तोंडात बोटं घालायची, लाळेची तार तुटेपर्यंत उभं राहायचं. पदराआडून काढावी तर हात टर्कीच्या पायांत अडकलेले, एका बाजूने मी धरला होता, एका बाजूने यांनी. बोलले असते तर शब्दांऐवजी कोंबडीच ओरडली असती. मालकाला नुसती मान हलवून नाही म्हणायची हिंमत नव्हती. मी उभी राहिले.

"खलास," म्हणजे ठरलं, असं म्हणून अरबाब आत गेला. माझं गप्प राहणं त्याने होकार धरलं.

हे म्हणाले, "बोलली का नाहीस?" मी शिट्टी काढून दाखवली. संध्याकाळी ते स्वतः अरबाबकडे गेले. परत आले तेव्हा म्हणाले, "इन्शाल्ला म्हणाला." आम्हा दोघांना त्याचा अर्थ माहीत होता.

मुलगी सासरीच बाळंत झाली. मुलगा झाला. दुकानातल्या फोनवर जावयांनी सांगितलं, सगळं ठीक आहे, काळजी करू नका. मुलगी फोनवर आली तेव्हा म्हणाली, "सासूबाईंनी सगळं केलं, आई. शेक, डिंकाचे लाडू, सगळं. तू उगाच जिवाला लावून घेऊ नकोस." ती मला समजावत होती.

उन्हाळा आला, अरबाबने पासपोर्ट काढून दिला, वर नातवासाठी दुलई दिली. चिपळूणचं घर उघडलं, झाडलं, दोन दिवस तिथे एकटी राहिले. मग मुलीच्या घरी गेले. विहीणबाईंनी मला पाट दिला, पाणी दिलं, पाहुण्यांना देतात त्या कपात चहा दिला. बाळ माझ्या मांडीवर दिलं तर रडायला लागलं. त्यांनी घेतल्याबरोबर गप्प झालं.

"ओळखीचं होईल हळूहळू," विहीणबाई म्हणाल्या. "तुम्ही जरा आडव्या व्हा. केवढ्या दमलेल्या दिसता."

खरंच दमले होते. मुलीने चटई घातली. मी तिथेच पडले आणि संध्याकाळी माझ्या परतीच्या गाडीची वेळ झाली तेव्हा तिनेच मला उठवलं.