माटोळी बांधली की बाबा येतात

आमच्या पेडण्याकडे चवथीच्या आदल्या दिवशी माटोळी बांधतात. गणपतीच्या डोक्यावर छताला लाकडी पट्ट्यांची चौकट टांगलेली असते. तिला नारळ, सुपारीचे घोस, पपनसासारखी तोरिंगं, डोंगरावरची रानफळं आणि शेंगा, जे मिळेल ते बांधायचं. सगळ्या गावाच्या लेखी ही देवाची सजावट. माझ्या धाकट्या बहिणीच्या लेखी ते यंत्र होतं.

गणपती गेले की फळं उतरवली जात, चौकट मात्र वर्षभर तिथेच. तिच्याखाली उताणी पडून बहीण मला वरच्या राज्याची हकीकत सांगायची. त्या राज्यात काळ आपोआप चालत नाही, माटोळी हलली तरच चालतो. सुपारीच्या घोसात तास असतात, नारळात दिवस. जे आधी बांधलं ते आधी घडतं, जे मागून बांधलं ते मागून. चुकून उलटसुलट बांधलं तर पाऊस आधी पडतो आणि ढग नंतर येतात. मार आधी मिळतो आणि खोडी मागाहून करायची असते. हा नियम मला पसंत होता, कारण आमच्या घरात मार मलाच जास्त मिळायचा.

गोव्याला राज्याचा दर्जा मिळणार, अशी चर्चा तेव्हा चालली होती. बाजारात कोकणी की मराठी यावरून मोठी माणसं हमरीतुमरीवर येत. बहिणीने जाहीर केलं की तिच्या राज्याला दर्जा कधीच मिळालाय. मी विचारलं, मग भाषा कुठली? ती म्हणाली, तिथे आधी उत्तर देतात आणि मग विचारतात, त्यामुळे भांडण होतच नाही. मी मराठी शाळेत चौथीत होते, स्वतःला फार शहाणी समजत होते, आणि तिच्यापुढे मला नेहमी गप्प बसावं लागे. मला तिचा राग यायचा.

बाबा मालवाहू जहाजावर कामाला होते. वर्षभर या बंदरातून त्या बंदरात, पण चवथीला घरी. रजा नाही दिली तर उडी मारून पोहत जाईन, असं ते कप्तानाला ऐकवतात म्हणे. आई हे सांगताना हसायची. सकाळी काका स्टुलावर चढून माटोळी बांधायचा आणि संध्याकाळच्या बसने वास्कोहून बाबा यायचे, हातात बिस्किटांचा डबा. एका वर्षी काकाला ताप होता, माटोळी दुपार टळल्यावर बांधून झाली, आणि त्याच दिवशी वाटेत बस बिघडून बाबाही उशिरा आले. बहिणीला याहून मोठा पुरावा नको होता. बाबा येतात म्हणून माटोळी नव्हे, माटोळी बांधतात म्हणून बाबा. मी तिला म्हटलं, कावळा बसायला आणि फांदी तुटायला गाठ पडते, एवढंच. तिने विचारलं, पण कावळा बसलाच नसता तर?

त्यानंतरच्या एका वर्षी काका अर्धी माटोळी बांधून स्टुलावर उभा होता, तेव्हा बाबांच्या जहाज कंपनीच्या वास्कोच्या कचेरीतला माणूस दारात आला. बाबा जहाजाच्या पोटात, माल भरतात तिथे, पडले होते. दोन दिवसांपूर्वीच गेले होते.

घरात सुतक आलं. आता गणपती आणायचा नव्हता, मूर्ती मूर्तिकाराकडेच राहिली. बांधलेली फळं काकाने एकेक करून सोडली आणि खालच्या टोपलीत ठेवली. रडत रडत सोडली, पण क्रमाने, जशी दरवर्षी उतरवतो तशीच. मग पुरुष मंडळी वास्कोला गेली आणि बाबांना तिकडेच अग्नी देऊन आली. आम्हा मुलींना कुणी नेलं नाही. आईलाही नाही. आमच्याकडे परत आली ती त्यांची बॅग.

बाराव्याच्या पंगतीत बहीण सगळ्यांदेखत म्हणाली, "काकान माटोळी सोडल्यान, म्हणान बाबा वाटेर रवले."

काका भरल्या ताटावरून उठला. मी तिला मागच्या दारी ओढून नेलं आणि नीट सांगितलं, बाबा आधी गेले, माटोळी नंतर सुटली. तिने ऐकून घेतलं. तिला माझी कीव आल्यासारखं दिसलं.

वर्ष सरलं. आई घराबाहेर पडेनाशी झाली होती. चवथ जवळ आली तशी बहिणीची गडबड सुरू झाली, आणि यंदा माटोळी पुरी बांधली की बाबा येणार, हे तिचं बोलणं एकदा आईच्या कानावर गेलं. मेलेलं माणूस येत नाही, पुन्हा हे तोंडातून काढलंस तर बघ, असं म्हणून आईने तिला मारलं. आईने तिच्यावर हात उचललेला मी तेवढाच पाहिला. बहीण गप्प झाली, पण माटोळीखाली उभी राहून काकाला एकेक फळ स्वतः देत राहिली. घागऱ्यांच्या शेंगा कमी पडल्या, तर काका पुन्हा डोंगरावर गेला. त्या वर्षीसारखी गच्च माटोळी आमच्या घरात कधी झाली नाही.

संध्याकाळी बहीण घरात नव्हती. कुठे असणार ते मला कळलं. तिला काय काय सुनवायचं ते मनात घोळवत मी तरातरा बसच्या थांब्यावर गेले.

ती तिथे होती. तिच्या शेजारी आई होती. आईने ठेवणीतलं लुगडं नेसलं होतं, केस विंचरले होते, आणि बहिणीचा हात घट्ट धरला होता.

बस आली. तुयेच्या कारखान्यातले कामगार उतरले, चवथीसाठी परगावाहून आलेली माणसं पिशव्या सांभाळत उतरली. कंडक्टरने आम्हाला चढायचं आहे का म्हणून विचारलं. बस रिकामी होऊन निघून गेली. मी आईला म्हटलं, चल घरी.

आईने माझ्याकडे पाहिलं नाही. रस्त्याकडे बघत म्हणाली, "आनीक एक बस आसा."

निघून गेली तीच शेवटची बस होती. आमच्या गावात हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं.  मी आईच्या दुसऱ्या बाजूला जाऊन उभी राहिले.