हाव मास्तर

मुंबईच्या स्टुडिओत सगळे त्यांना ‘हाव मास्तर’ म्हणत, आणि नव्या माणसाला वाटे, हा संगीतकार भलताच लोभी असणार. खुलासा मला करावा लागे. मी नांदेडची, ते किल्लारीजवळच्या एका खेड्यातले. आमच्याकडे हाव म्हणजे नुसतं ‘हो’. निर्माता म्हणाला, चाल बदला. मास्तर म्हणत, हाव. दिग्दर्शक म्हणाला, उद्या सकाळी द्या, हाव. व्हायोलिनवाला म्हणाला, मुलीला ताप आहे, लवकर निघतो, तर त्यालाही हाव, आणि वर, “थांब, रिक्षा बघून देतो.”

माणसांना ते गावाच्या नावानं हाका मारत. तबलेवाला ‘मिरज’, बासरीवाला ‘अकोला’. मी कोरसमध्ये तिसऱ्या रांगेत उभी असे. एक दिवस त्यांनी काचेपलीकडून बोट केलं. “नांदेड, तू पुढं ये बरं. तू एकटीच गा.” माझं पहिलं गाणं मला असं मिळालं.

गाण्याचा कागद हातात आला, की ते पेटीला शिवत नसत. डब्यातली कडक भाकरी मोडून शेंगदाण्याच्या चटणीला लावत आणि त्या ओळी नुसत्या बोलत राहत, शेजारणीशी बोलल्यासारख्या. “बोलताना लाज वाटली, तर गाताना खोटं वाटंल,” असं त्यांचं म्हणणं. कवींशी त्यांची भांडणं झाली ती यावरूनच.

चित्रपट त्यांच्या वाट्याला दोनच आले. एक आठवडाभर चालला, दुसरा तेवढाही नाही. घर चाललं ते मालिकांच्या शीर्षकगीतांवर. त्याची त्यांना खंत नव्हती. “अर्ध्या मिनटात बाईनं गॅस बारीक करून टीव्हीसमोर यावं, एवढं माझं काम. सोपं हाय व्हय ते?” असं ते हसून विचारत.

मग एका मालिकेत किल्लारीच्या भूकंपाचा प्रसंग आला. दिग्दर्शक तरुण होता, भला होता. त्यानं वीस व्हायोलिन्स मागितली. मास्तर पडद्याकडे बघत म्हणाले, “न्हाई.”

आम्ही सगळे त्यांच्या तोंडाकडे बघायला लागलो.

“मी तिथला हाय,” ते म्हणाले. “त्या रात्री गणपतीच्या विसर्जनाला पेटी वाजवायला लातुरात आलो व्हतो, म्हणून वाचलो. सकाळी जीपनं गावात गेलो. दगड उपसणारा मधीच हात वर करायचा. मग सगळे गप. खालून काय ऐकू येतंय का, म्हणून श्वाससुद्धा धरायची माणसं. मग एकजण हाक मारायचा. मी माझ्या अक्काला दुपारपर्यंत हाका मारून राहिलो व्हतो. तिथं व्हायोलिन नव्हतं, साहेब.”

मास्तरांनी मला माइकसमोर उभं केलं. “गायचं न्हाई. अक्का म्हणून हाक मार.”

मी मारली. त्यांनी मान हलवली. “सुरात नको. सुरात कोण हाक मारतंय?”

चौथ्या वेळेला माझा आवाज फाटला. काचेपलीकडे मास्तरांनी हेडफोन काढून ठेवला आणि दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं.

वाहिनीला ते पसंत पडलं नाही. दुसऱ्या संगीतकाराकडून व्हायोलिन्स भरून घेतली गेली, मालिका मास्तरांच्या हातून गेली आणि हा माणूस अडून बसतो अशी बोलवा झाली. कामं आटत गेली. मी चिडले होते. ते मात्र म्हणाले, “त्यांचं काय चुकलं? त्यांनी ती सकाळ कुठं पाहिली?” दोन वर्षांनी त्यांनी मुंबईचं घर सोडलं आणि लातूरला जाऊन गाण्याचा वर्ग काढला. त्यांच्या पत्नी, वहिनी, आधीपासून तिथंच सासूसासऱ्यांपाशी होत्या.

गेल्या उन्हाळ्यात मास्तर गेले. मला बातमी उशिरा कळली. लातूरच्या घरी पोचले तेव्हा दुपार झाली होती, आणि वहिनी एकट्याच होत्या.

“नांदेडच्या तुम्हीच ना?” त्यांनी विचारलं. “तुम्ही अक्का म्हणून हाक मारली, त्या दिवशी यांचा फोन आलता. लग्नाला अठरा वर्षं झालती आमच्या. तवर घरात कुणी अक्काचं नाव काढलं, की हे उठून बाहेर जायचे. त्या दिवशी आपणहून सांगाय लागले. ती कशी दिसायची, कशी रागवायची. लई वेळ बोलले. नंतरसुद्धा सांगायचे, जेवताना, कधीपण.”

मी विचारलं, “कशा दिसायच्या अक्का?”

वहिनींनी चहा ठेवला आणि सांगायला सुरुवात केली. अक्का उंच होती, मास्तरांपेक्षा वीतभर. तिच्या डाव्या गालावर तीळ होता. हसायला लागली, की तिला उचकी लागायची. वहिनींनी तिला कधी पाहिलं नव्हतं, मीही नाही. पण ऊन उतरेपर्यंत आम्ही दोघी तिच्याबद्दलच बोलत बसलो.